उडणाऱ्यांच्या गावातली घरे कोण शाकारते?

सातारा जिल्ह्यातील एका वाचकाचे पत्र, थोडक्यात:

वय ३४, बँकेत नोकरी. गेली चार वर्षे रात्री जागून ते एक कादंबरी लिहीत आहेत. एका कल्पित भूमीत वाऱ्यावर प्रभुत्व मिळवलेल्या आणि आकाशातून संचार करणाऱ्या योग्यांचा एक गूढ पंथ आहे, त्याची ही कथा. २४० पाने झाली आणि लेखन अडले, कारण पंथाच्या आचार्यांना अशक्य असे काही उरलेच नाही. नमुन्यादाखल पाठवलेल्या प्रकरणात आचार्य वातेश्वर नुसता हात उचलून किनाऱ्यावर आलेले वादळ परत फिरवतात आणि गाव जयजयकार करते. मित्रांचे म्हणणे असे की असल्या गोष्टी इंग्रजीतच शोभतात; मराठीत त्या दूरदर्शनवरच्या पौराणिक मालिकेसारख्या वाटतात. वडील कीर्तनकार आहेत. दोन प्रकरणे ऐकून ते एवढेच म्हणाले, "सिद्धी ही दाखवायची वस्तू नव्हे. तू तिचा तमाशा मांडला आहेस." त्या दिवसापासून एक ओळही लिहिली गेलेली नाही. इंग्रजीत नव्याने सुरुवात करावी, पंथच काढून टाकावा, की सगळेच सोडून द्यावे, असा त्यांचा प्रश्न आहे.

स्नेही वाचक,

तुम्ही विचारलेल्या तीन पर्यायांपैकी एकही मला पटत नाही. तुमच्या पत्रात दोन तक्रारी आहेत, एक मित्रांची आणि एक वडिलांची, आणि तुम्ही त्या एकाच दावणीला बांधल्या आहेत. त्या वेगळ्या केल्यावाचून पुढे जाता येणार नाही. मित्रांची तक्रार भाषेबद्दल आहे आणि ती मला फारशी गंभीर वाटत नाही. वडिलांची तक्रार मात्र तुमच्या कादंबरीवरची आजवरची सर्वांत नेमकी समीक्षा आहे. तुम्ही ती मनाला लावून घेतलीत, पण लेखनाला लावून घेतली नाहीत.

वडील 'लिहू नकोस' असे म्हणाल्याचे तुमच्या पत्रात कुठेही नाही. तमाशा मांडला आहे, असे ते म्हणाले. या दोन वाक्यांत बरेच अंतर आहे. ज्या परंपरेत ते उभे आहेत, तिला वाऱ्यावर चालणाऱ्या माणसाचे वावडे कधीच नव्हते. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात कुंडलिनी जागी झालेला योगी समुद्रापलीकडचे पाहतो, मुंगीच्या मनातले ओळखतो, वाऱ्याच्या घोड्यावर चढतो आणि पाण्यावरून चालला तरी त्याचे पाऊल भिजत नाही. हे सगळे दोन ओव्यांत उरकून, अशा पुष्कळ सिद्धी ओघाने येतात एवढेच सांगून ज्ञानदेव पुढच्या विषयाकडे वळतात. ते वर्णनात कंजुषी करत नाहीत, पण तिथे रेंगाळतही नाहीत. तुमच्या कादंबरीत त्या घोड्यावर चढण्याला सोळा पाने लागली आहेत, आणि वडिलांना खुपले असेल ते बहुधा हे रेंगाळणे.

आता तुमच्या पहिल्या गृहीताकडे येतो. वाऱ्यावर स्वार होणाऱ्या योग्यांचा पंथ ही परदेशी कादंबऱ्यांतून आलेली कल्पना आहे आणि आपण ती मराठीत आणतो आहोत, असे तुम्ही आणि तुमचे मित्र दोघेही धरून चालला आहात. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातले १३६ वे सूक्त एकदा काढून वाचा. सात ऋचांचे ते छोटे सूक्त आहे आणि त्यातल्या मुनींना 'वातरशन' म्हटले आहे. रशना म्हणजे कमरपट्टा. वारा हाच ज्यांचा कमरपट्टा, ते वातरशन. ते पिंगट, मळकी वस्त्रे नेसतात, केस वाढवतात, वाऱ्याच्या वाटेने जातात आणि पूर्व-पश्चिम अशा दोन्ही समुद्रांशी त्यांचे घर असल्यासारखे नाते आहे. सूक्तात एके ठिकाणी ते स्वतःच बोलू लागतात, आणि त्याचा आशय असा: आम्ही वाऱ्यांवर आरूढ झालो आहोत, तुम्हा मर्त्यांना दिसतात ती केवळ आमची शरीरे.

या शेवटच्या वाक्यापाशी थोडे थांबा, अशी माझी विनंती आहे. उडणाऱ्या माणसाचे खरे उड्डाण खालच्या माणसाला दिसतच नाही, असे ते मुनी सांगत आहेत. तुमच्या वातेश्वरांचे मात्र सगळेच दिसते. त्यांची फडफडणारी शाल दिसते, डोळ्यांतली निळी ज्योत दिसते, हात उचलताना बोटांतून निघणारा प्रकाशही दिसतो. गूढ पंथ म्हणून ज्यांची ओळख करून दिली, त्यांच्याबद्दल वाचकापासून काही राखून ठेवायला नको का?

दुसरे गृहीत असे की पंथ मोठा करायचा तर त्याचे सामर्थ्य वाढवत न्यावे. खरे पंथ याच्या नेमके उलट करत आले आहेत. पतंजलीच्या योगसूत्रांत, शरीर आणि आकाश यांच्या संबंधावर संयम (म्हणजे धारणा, ध्यान आणि समाधी एकत्र) केल्यास कापसासारखे हलकेपण येऊन आकाशगमन साधते, असे विभूतिपादात, म्हणजे तिसऱ्या भागात, सांगितले आहे. आणि त्याच पादात या सिद्धी समाधीच्या वाटेतील अडथळे आहेत, असेही बजावले आहे. बौद्धांच्या विनयात, म्हणजे भिक्षूंच्या नियमग्रंथात, तर उडण्याबद्दल चक्क नियम आहे, आणि तो कसा झाला त्याची कथाही आहे. राजगृहातल्या एका श्रेष्ठीने चंदनाचे भिक्षापात्र घडवून बांबूच्या टोकाला उंच टांगले आणि ज्याच्या अंगी ऋद्धी, म्हणजे अलौकिक शक्ती, असेल त्याने ते उतरवून न्यावे, असे जाहीर केले. पिंडोल भारद्वाज नावाच्या भिक्षूने आकाशात झेप घेऊन ते पात्र काढले आणि नगराला तीन फेऱ्या घातल्या. लोक ओरडत त्याच्या मागे धावले. तो गलबला ऐकून बुद्धांनी चौकशी केली, पिंडोलाची कडक शब्दांत कानउघाडणी केली, गृहस्थांसमोर ऋद्धीचे प्रदर्शन करायचे नाही असा नियम घातला आणि ते पात्र फोडून त्याची पूड भिक्षूंना अंजनात मिसळायला द्यायला सांगितले. तुमच्या वडिलांनी एका वाक्यात सांगितले ते हेच आहे, आणि यात किती नाट्य आहे ते पाहा: एक लाकडी वाडगा, एक हौशी भिक्षू, मागे धावणारी गर्दी आणि शेवटी डोळ्यांत घालायची पूड. आळंदीच्या भिंतीची गोष्ट तुम्हाला मी सांगायला नको. वाघावर बसून आलेल्या चांगदेवांना भेटायला भिंत निघाली, त्यात चमत्कार भिंतीचा असला तरी गोष्ट चांगदेवांच्या अहंकाराची आहे.

म्हणून माझी पहिली सूचना अशी की वडिलांचे वाक्य पंथाच्या आत न्या. मठात एक म्हातारा असा असू द्या, जो सगळ्यांत चांगला उडत असे आणि आता तीस वर्षे जमिनीवरूनच चालतो आहे. त्याने उडणे का सोडले, हे लगेच सांगू नका. कीर्तनकाराच्या घरात वाढलेल्या माणसाला असा म्हातारा उभा करणे जड जाऊ नये.

आता तुमची खरी अडचण, म्हणजे आचार्यांना अशक्य असे काही न उरणे. इथे मी थोडे हिशेबाचे बोलणार आहे, आणि बँकेत काम करणाऱ्याला त्याचा कंटाळा येणार नाही असे गृहीत धरतो. हातपाय पसरून, पालथा, उंचावरून पडणारा माणूस ताशी साधारण १९० ते २०० किलोमीटर एवढा वेग गाठतो आणि मग त्याचा वेग वाढायचा थांबतो, कारण हवेचा विरोध आणि त्याचे वजन यांचा तोल साधतो. याच हिशेबाची दुसरी बाजू अशी की जमिनीवरून सरळ वर जाणाऱ्या वाऱ्याने माणसाला अधांतरी धरायचे असेल, तर त्या वाऱ्याचा वेगही तेवढाच हवा. ढगळ वस्त्रांनी आकडा थोडा खाली येईल, पण फार नाही. ३ जून २०२० रोजी 'निसर्ग' चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आले, तेव्हा वाऱ्याचा वेग ताशी ११० ते १२० किलोमीटर होता, आणि तेवढ्याने श्रीवर्धन-दिवेआगर पट्ट्यातल्या नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या, घरांवरची कौले आणि पत्रे उडाले. म्हणजे तुमचे वातेश्वर अंगणातून सरळ आकाशात जातात, तेव्हा त्या अंगणात काही क्षण 'निसर्ग'पेक्षा मोठे वादळ असते. पहिल्याच प्रकरणात ते एका विधवेच्या अंगणातून उडाले आहेत. त्या बाईच्या घराचे पुढे काय झाले?

हा प्रश्न मी थट्टेने विचारत नाही. तुमची अडलेली कादंबरी मला इथेच सुटताना दिसते. वाऱ्याची शक्ती त्याच्या वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. वेग दुप्पट झाला की शक्ती आठपट होते. तुमच्याच जिल्ह्यात चाळकेवाडीच्या पठारावर पवनचक्क्या उभ्या आहेत, त्या तिथेच का आहेत याचे उत्तर याच हिशेबात सापडते. पंथालाही हा हिशेब लागू करा. जो वारा तुम्ही इकडे आणलात, तो कुठून तरी आला; जे वादळ इथून फिरवलेत, ते कुठे तरी गेले. वातेश्वरांनी हात उचलला आणि जयजयकार झाला, तिथे तुमचे प्रकरण संपते. माझ्या मते ते प्रकरण शंभर कोस दक्षिणेला, जिथे त्या रात्री कुणीही वादळाची अपेक्षा केलेली नव्हती अशा गावात सुरू व्हायला हवे, आणि सांगणारा त्या गावातला असायला हवा. पोफळीची नवी बाग धरायला कित्येक वर्षे जातात. तेवढी वर्षे त्या गावाने पंथाकडे कोणत्या नजरेने पाहिले असेल?

पंथ एवढा विचार करणारा असेल, तर त्याने आपले नियम त्यातूनच केले असतील. वस्तीतून उडायचे नाही, कड्यावरूनच उडायचे; म्हणून मठ कड्यावर. कडाही कोणता, तर समुद्राकडून आलेला वारा ज्याला थडकून वर चढतो तो. मग उड्डाणाला ऋतू आला, वेळापत्रक आले. पावसाळ्यात नैर्ऋत्येचा वारा दिवसरात्र चढता असेल, पण ढगांत काही दिसणार नाही आणि भिजलेले वस्त्र अंगाला लोढण्यासारखे लोंबेल. हिवाळ्या-उन्हाळ्यात उन्हाने तापलेल्या जमिनीवरून हवेचे झोत उठतील, ज्यांच्यावर घारी आणि गिधाडे पंख न हलवता फिरत वर जातात. पण ते दुपारचे, पहाटे नव्हेत. कामशेतला पॅराग्लायडिंग करणारे हे चांगले ओळखतात, आणि पावसाळ्यात ते उडत नाहीत. किनाऱ्यावर दिवसा खारे वारे जमिनीकडे येतील आणि रात्री मतलई वारे समुद्राकडे जातील, म्हणजे समुद्रावर गेलेल्या शिष्याला परत यायला सकाळ उजाडावी लागेल. हजार मीटर चढले की तापमान साधारण साडेसहा अंशांनी उतरते, आणि साडेपाच हजार मीटरवर हवेचा दाब निम्म्यावर येतो. तिथे मंत्र म्हणायलाही श्वास पुरत नाही. एवढ्या अडचणी एकदा मांडल्या की 'पहाटेच्या आत निरोप पोचला पाहिजे' हे साधे वाक्यसुद्धा कथा हलवू लागते.

आणखी एक गोष्ट तुम्हाला कामाला येईल. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर कधी कधी इंद्रवज्र दिसते. पाठीमागे सूर्य, समोर खाली धुके, आणि त्या धुक्यात आपली सावली व तिच्या मस्तकाभोवती इंद्रधनुष्याचे पूर्ण वर्तुळ. यातली मौज अशी की शेजारी दहाजण उभे असले तरी प्रत्येकाला ते वलय स्वतःच्याच मस्तकाभोवती दिसते. ढगांवरून पहिल्यांदा उडणाऱ्या एखाद्या नवशिक्याला, कानात वारे शिरलेल्या वासरासारख्या त्या पोराला, हे दिसल्यावर त्याचे काय होईल ते तुम्हीच लिहा.

भाषेबद्दल आता थोडक्यात. मालिकेसारखी वाटतात ती तुमची नावे. त्यात मराठीचा दोष नाही. वातेश्वर, प्रभंजनाचार्य, मारुतसेन ही सगळी नावे दरबारी वेशात उभी आहेत. पंथ स्वतःला काहीही म्हणवून घेवो; खालच्या गावातले लोक त्यांना काय म्हणतात, ते आधी ठरवा, कारण गूढ पंथांना बहुधा दोन नावे असतात, एक त्यांनी घेतलेले आणि एक लोकांनी ठेवलेले. (मला क्षणभर 'वारेकरी' असा शब्द सुचला होता. तुमच्या वडिलांची आठवण होऊन मी तो मागे घेतला.) मराठीत वारा सुटतो, पडतो, फिरतो, घोंगावतो, माणसाच्या अंगात वारे येते, तेव्हा त्याच्या तोंडून देवी बोलते, आणि आपण ज्याला टाकतो, त्याला वाऱ्यावर सोडतो. वाऱ्यावर सोडलेली मुलेच या पंथात घेतात, असे नुसते म्हटले तरी मराठी वाचकाला अर्धा पंथ समजेल. इंग्रजीत हे वाक्य लिहून पाहा, आणि मग मित्रांशी बोला. इंग्रजीत लिहू नये असे माझे मत नाही. तुम्ही रात्री कोणत्या भाषेत जागता, एवढाच तिथे प्रश्न आहे, आणि चार वर्षे ते उत्तर तुम्ही देतच आला आहात.

वाऱ्यावर प्रभुत्व म्हटले की मला उडणारा योगी आठवत नाही. मला आमच्या खळ्यावर उफणणी करणारी एक म्हातारी आठवते. मळणी झाली की ती सूप घेऊन उंच तिवईवर उभी राहायची. वारा पडला की सगळे खाली बसून राहायचे; कुणी विडी ओढायचे, कुणी आडवे व्हायचे, ती मात्र उभीच. मग कुणालाही काही जाणवायच्या आधी तिची मान किंचित वळायची, डावा कान वाऱ्याच्या बाजूला व्हायचा आणि ती "भरा" एवढेच म्हणायची. पाट्या उचलेपर्यंत वारा आलेला असायचा. धान्य तिच्या पायाशी सरळ रेषेत पडायचे आणि भूस कुणाच्याही डोळ्यांत न जाता पलीकडे एका ढिगात. वाऱ्याला तिने कधी हुकूम केला नाही. तो किती येईल हे मात्र तिला ठाऊक असायचे, आणि त्या अंदाजाने ती सूप वर किंवा खाली धरायची. तुमच्या पंथाचा पहिला आचार्य मला असा दिसतो, आणि तो पुरुष असायलाच हवा असेही नाही.

कल्पनारम्य लेखन करणाऱ्या इतर वाचकांचीही अशी पत्रे येतात. कुणाकडे जलयोगी असतात, कुणाकडे अग्निविद्या जाणणारे, तर एकाकडे मित्रांबरोबर खेळायच्या खेळासाठी रचलेला पंथ होता आणि त्यातला उडणारा गडी प्रत्येक तटबंदी ओलांडून खेळाचा विचका करत होता. सगळ्यांचे दुखणे एकच असते, म्हणून त्या सर्वांना चालेल असा एक अभ्यास सुचवतो. कादंबरी पंधरा दिवस बाजूला ठेवा आणि दोनच कागद लिहा. पहिला म्हणजे मठाच्या पायथ्याच्या गावाने पंथाला दिलेला तक्रार अर्ज. त्यात कौलांचा हिशेब असू द्या, बिथरून दावी तोडलेल्या गुरांचा असू द्या, आणि मुलगी पंथात गेली ती सात वर्षांत एकदाही खाली उतरली नाही असे म्हणणाऱ्या बापाचा असू द्या. दुसरा म्हणजे मठाच्या कोठाराची वही. मीठ कुठून येते, घोंगड्या कोण विणते, मोडलेली हाडे कोण बसवते, आणि दर उन्हाळ्यात गावातली घरे शाकारायला मठ किती माणसे पाठवतो. वहीत एक पान असे ठेवा की ज्यावर खाडाखोड झाली आहे. ती कुणी केली आणि का, हे लिहिताना तुम्हाला स्वतःलाच कळेल.

हे दोन कागद झाले की वादळाचे प्रकरण पुन्हा लिहा, आणि या वेळी ते वडिलांना वाचून दाखवण्याआधी त्यांना एक प्रश्न विचारा: सिद्धी आलेल्या माणसाने ती लपवायची कशी? कीर्तनकाराकडे याची अनेक उत्तरे असतील आणि त्यांतली निदान दोन तुम्ही कधी ऐकलेली नसतील. मताला विचारण्यापेक्षा मदतीला बोलावलेले वडील बरेच वेगळे असतात, एवढे मी स्वतःच्या अनुभवावरून सांगू शकतो.

जमल्यास जुलैत जुन्नरजवळच्या नाणेघाटात एक दिवस घालवा. जकातीचा म्हणून दाखवतात तो दगडी रांजण पाहा, आणि मग कड्याच्या कडेपासून चांगले लांब, जमिनीवर बसून खालून येणाऱ्या वाऱ्याकडे पाहत राहा. खाली पडायला निघालेले पाणी तिथे उलटे फिरून माथ्यावरच्या माणसांच्या अंगावर येते. हा वारा आधी कानाला लागतो, की गालाला, की ओल्या बाहीला, ते घरी आल्यावर नव्हे, तिथेच टिपून घ्या. वही प्लास्टिकच्या पिशवीत ठेवा. छत्री नेऊ नका, तिथे ती उघडता येत नाही.